तीन दरपत्रकं आणि एक हौदा

अप्पांनी आयुष्यात एका दुकानात जाऊन कधी काही विकत घेतलं नाही. घ्यायचे एकाच दुकानातून, पण त्याआधी तीन दुकानं फिरायचे. तीन दरपत्रकं, त्यांचा तुलनात्मक तक्ता, सर्वांत कमी दर, मग मंजुरी आणि मग खरेदी. पाणीपुरवठा खात्याच्या भांडार विभागात एकतीस वर्षं काढल्यावर हे अंगात भिनलं होतं. निवृत्त होऊन चार वर्षं झाली तरी दात घासायचा ब्रशसुद्धा याच मार्गाने घरात येत असे. मंजुरी द्यायला वरिष्ठ कोणी उरलं नव्हतं, म्हणून ते काम त्यांच्या पत्नीकडे, माईंकडे आलं होतं. माई तक्ता न वाचताच सही ठोकायच्या, आणि याचं अप्पांना मनातून फार वाईट वाटायचं.

अशा माणसाला त्यांच्या धाकट्या मुलीने फवाऱ्याची बंदूक निवडायचं काम सांगितलं. पुढे जे घडलं त्यात बंदुकीचा दोष तसा कमीच होता.

मुलगी तिशी ओलांडून गेली होती, पण घरात आणि सोसायटीत सगळे तिला धाकटीच म्हणत. तिने बँकेतली नोकरी सोडून सामान वाहायला एक जुनी पिकअप गाडी घेतली होती. ही बातमी तिने घरात सांगितली तेव्हा आत्या रडली, मामाने कपाळाला हात लावला, आणि थोरला जावई "चांगलं आहे" असं अशा आवाजात म्हणाला, की चांगलं नाही हे सगळ्यांना कळावं. अप्पांनी चष्मा वर केला आणि एवढंच विचारलं, "हौदा किती फुटांचा आहे?"

तर हा हौदा, म्हणजे गाडीचा मागचा उघडा भाग, गंजला होता. आणि धाकटीला पहिलंच मोठं गिऱ्हाईक मिळालं ते नेमकं काचेचं. काचा आणि आरशांचा हा व्यापारी बोलायला गोड होता, पण कामाला कडक. हौद्यात उभं राहून त्याने बुटाची टाच पत्र्यावर सरकवून बघितली आणि मान हलवली.

"ताई, गाडी बरी आहे. पण पत्र्यावर माझी काच घसरते. ते रबरासारखं काळं, खरखरीत अस्तर मिळतं बघा, ते मारून घ्या. सोमवारी दहाला येतो. अस्तर असलं तर वर्षभराचं काम तुमचं. नसलं तर मी दुसरी एक गाडी बघून ठेवलीय, राग मानू नका."

तो दिवस मंगळवार होता. धाकटीला शनिवारपर्यंत लोकांची घरं हलवायची कामं होती. तिने अस्तराचे डबे आणून जिन्याखाली ठेवले आणि अप्पांसमोर बसली.

"अप्पा, रविवारी मी मोकळी आहे. तोवर गंज घासून घ्याल का? आणि हे मारायला कसली गन लागते, ते तुम्हीच बघाल का?"

'तुम्हीच' हा शब्द अप्पांच्या कानावर चार वर्षांत पडला नव्हता. ते उठले, कपाटातून नवी फाईल काढली आणि तिच्यावर ठळक अक्षरात लिहिलं: 'विषय: हौदा'.

गंज घासण्यात काही अडचण आली नाही. तीन दिवस अप्पा पॉलिशपेपर घेऊन हौद्यात बसले आणि भांडं घासावं तसा हौदा घासला. अडचण आली ती सल्ल्यांची. तळमजल्यावर गाड्या रंगवणारा पेंटर राहायचा. तो पहिल्याच दिवशी येऊन म्हणाला, "अप्पा, गन विकत कशाला घेता? माझ्याकडे आहे. रुंद तोंडाची, डोक्यावर नरसाळं असलेली. हे अस्तर पिठल्यासारखं दाट असतं, त्याला तोंड रुंदच लागतं. घेऊन जा."

"दरपत्रक द्याल?" अप्पांनी विचारलं.

"कसलं दरपत्रक? फुकट देतोय."

"फुकटची नोंद कुठल्या रकान्यात करू?"

पेंटरला रकान्यातलं काही कळत नव्हतं. तो हसला आणि गेला. अप्पांना वाटलं, माणूस चांगला आहे, पण पद्धत नाही.

पद्धतीप्रमाणे ते तीन दुकानं फिरले. पहिल्या ठिकाणी काचेच्या दाराआड कपाटाएवढं यंत्र होतं. दोन डब्यांतला माल ते वेगवेगळा गरम करायचं, बंदुकीच्या तोंडाशी एकत्र करायचं आणि दणक्यात उडवायचं. विक्रेत्याने अप्पांना खुर्ची दिली, चहा सांगितला आणि विचारलं, "महिन्याला किती ट्रक करता, सर?"

"एक," अप्पा म्हणाले. मग प्रामाणिकपणे दुरुस्ती केली, "म्हणजे पिकअप आहे. आणि दर महिन्याला नाही."

चहा आला नाही. दरपत्रक मात्र अप्पांनी घेतल्याशिवाय सोडलं नाही. दुसऱ्या दुकानात पेंटरकडे होती तसली रुंद तोंडाची गन मिळाली. तिसरं दुकान कोपऱ्यावरच्या हार्डवेअरवाल्याचं. त्याने बारीक तोंडाची, चकचकीत, दिसायला मोठी देखणी गन पुढे केली आणि आपणहून सांगितलं, "काका, ही लाकडाला पॉलिश मारायची आहे. हिच्यातून तुमचं अस्तर जायचं नाही."

"पण दर सर्वांत कमी?"

"कमीच असणार की."

"मग सही-शिक्क्यानिशी लिहून द्या."

हार्डवेअरवाल्याकडे शिक्का एकच होता, 'विकलेला माल परत घेतला जाणार नाही' असा. तोच त्याने मारून दिला.

तक्ता तयार झाला. कपाटाएवढं यंत्र तिसऱ्या क्रमांकावर, रुंद तोंड दुसऱ्यावर, बारीक तोंड पहिल्यावर. नियम स्पष्ट होता. हार्डवेअरवाल्याचं तोंडी म्हणणं तक्त्यात कुठे बसत नव्हतं, म्हणून ते आलं नाही. माईंनी कणकेच्या हाताने सही केली आणि विचारलं, "पेंटर काही वेगळं म्हणत होता ना?" अप्पा म्हणाले, "तो निविदेत नाही."

आता वीज. गनला हवा पुरवणारा कॉम्प्रेसर भाड्याने आला होता, पण गाड्या लावायच्या जागेतलं बटण सोसायटीच्या मीटरवर होतं. अप्पांनी सेक्रेटरींना रीतसर अर्ज केला. सेक्रेटरी सज्जन माणूस, पण अर्जाला अर्जासारखं वागवणारा. दुसऱ्या दिवशी अर्ज परत आला. वर लाल शाईत लिहिलं होतं: 'फवारणी कसली? डासांची असल्यास वेगळा नमुना भरावा. खुलासा व्हावा.'

एकतीस वर्षं अप्पांनी इतरांच्या कागदावर लाल शाईत 'खुलासा व्हावा' लिहिलं होतं. ते वाचताना समोरच्याला कसं वाटतं, हे त्यांना आज कळलं. त्या दिवशी ते एक पोळी कमी जेवले. मग त्यांनी दीड पानी खुलासा पाठवला, आणि रविवारी सकाळी नऊ वाजता शिक्क्यासह परवानगी मिळेल असा निरोप आला.

उरला वारा. समोरच्या घरात हवामान खात्यातून निवृत्त झालेले गृहस्थ होते. त्यांना सगळे हवामानवालेच म्हणत. ते जे सांगतील त्याच्या बरोबर उलट धरून चाललं तर माणूस कधी भिजत नसे. त्यांनी बोट ओलं करून हवेत धरलं आणि जाहीर केलं, "रविवारी वारा मंद, पश्चिमेकडून पूर्वेला. पश्चिमेला उभ्या गाड्या सुरक्षित." पश्चिमेला सेक्रेटरींची पांढरीशुभ्र गाडी उभी असायची. अप्पांनी तसं फाईलला नोंदवून ठेवलं.

रविवार उजाडला. धाकटीने हौद्याच्या कडा चिकटपट्टीने झाकल्या. अस्तराचे अ आणि ब असे दोन डबे एकत्र केले की अर्ध्या तासात माल दगड होतो, असं डब्यावर लिहिलं होतं. अशा दोन जोड्या होत्या, दोन हातांसाठी. अप्पांच्या वेळापत्रकात 'नऊ पाच: मिश्रण' असं होतं. त्याप्रमाणे नऊ पाचला त्यांनी बादलीत मिश्रण केलं, काठीने ढवळलं आणि वहीत वेळ लिहून माईंची साक्षीदार म्हणून सही घेतली.

"अप्पा, परवानगी हातात नाही अजून," धाकटी म्हणाली.

"सेक्रेटरी लिफ्टने निघालेत. तोवर कॉम्प्रेसर चालू करून बघू."

कॉम्प्रेसरने एक डरकाळी फोडली आणि इमारतीचा फ्यूज उडाला. लिफ्ट दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मध्ये थांबली. तिच्यात सेक्रेटरी होते. सेक्रेटरींच्या हातात परवानगीपत्र होतं आणि खिशात मीटरच्या खोलीची एकुलती एक किल्ली होती.

"अप्पा! काय केलंत हो?" लिफ्टमधून आवाज आला.

"परवानगी आणलीत का?" अप्पांनी जिन्यातून विचारलं.

"आणलीय! मी अडकलोय!"

"शिक्का आहे ना?"

यावर सेक्रेटरी जे बोलले ते नोंदवण्यासारखं नव्हतं. किल्ली लिफ्टच्या फटीतून खाली टाकायची, ती कुठेतरी अडकायची, पेंटरने वाकड्या तारेने ती काढायची, यात पस्तीस मिनिटं गेली. दिवे आले, लिफ्ट हलली. अप्पा धावत बादलीपाशी आले. काठी बादलीत ताठ उभी होती. त्यांनी ती उचलली, तर तिच्याबरोबर अख्खी बादली उचलली गेली.

धाकटी काही बोलली नाही. तिने दुसरी बादली आणली.

"एकच जोडी उरली, अप्पा," पेंटर हळूच म्हणाला. "पातळ हात मारला तर पुरेल. माझी गन आणू?"

"खरेदी झालेली आहे," अप्पा म्हणाले. आवाज कडक होता. बारीक तोंडाची गन चालली नाही तर एकतीस वर्षं चाललेल्या पद्धतीचं काय, हा विचार त्यांना करायचाच नव्हता.

दहा वाजून दहा मिनिटांनी दुसरं मिश्रण झालं. अप्पांनी वेळ लिहिली, गनच्या पेल्यात माल ओतला आणि नेम धरला. गन खोकली. एक थेंब पडला. मग काहीच नाही.

"दाब वाढवू नका," पेंटर म्हणाला.

"वाढवा," हवामानवाले म्हणाले.

अप्पांनी वाढवला. मोठा फाट्‌ असा आवाज झाला, पेला निखळून आकाशात गेला, आणि वाऱ्याने पूर्वेकडून पश्चिमेला जायचं ठरवलं. सगळं शांत झालं तेव्हा हवामानवाल्यांच्या टकलावर, पेंटरच्या नाकावर, माईंच्या गालावर, धाकटीच्या कपाळावर आणि नुकत्याच सुटून आलेल्या सेक्रेटरींच्या डाव्या कानावर काळे ठिपके होते. पांढऱ्याशुभ्र गाडीवर तर मोजदाद नव्हती. कोरा राहिला होता तो फक्त हौदा.

अप्पा जिन्याच्या पायरीवर बसले. एवढ्या वर्षांत ते लोकांच्या नजरेत कधी पायरीवर बसले नव्हते. धाकटी त्यांच्याकडे बघत नव्हती, आणि रागावून बघितलं असतं तर बरं झालं असतं असं त्यांना वाटलं. मुलीने एक काम सांगितलं होतं. तिची पहिली मोठी संधी आपण तक्ता करून बुडवली.

"माझ्याने नाही झालं गं," ते म्हणाले. हे वाक्य ते पहिल्यांदाच बोलत होते, त्यामुळे नीट उमटलं नाही.

सेक्रेटरींनी आपल्या गाडीकडे बघितलं. मग कानाला हात लावला, बोट बघितलं. सगळे जीव मुठीत धरून उभे होते.

"बादलीत माल आहे अजून?" सेक्रेटरींनी विचारलं.

"भरपूर आहे. एक पेलाच गेलाय," पेंटर म्हणाला.

"मग वेळ किती उरला?"

सगळे एकमेकांकडे बघायला लागले. किती वाजता कालवलं होतं, हे त्या गोंधळात कोणाला आठवणार? अप्पांनी मांडीवरची वही उघडली.

"दहा-दहाला केलंय. आत्ता दहा-सोळा. चोवीस मिनिटं आहेत," ते म्हणाले. मग उठून उभे राहिले. "चोवीस मिनिटं आहेत!"

पेंटर पळाला आणि नरसाळ्याची गन घेऊन आला. पण हिला हवा जास्त लागणार, कॉम्प्रेसर सारखा चालणार, म्हणजे पुन्हा फ्यूज.

"पाण्याच्या पंपाच्या लाईनवर लावा," सेक्रेटरी म्हणाले. "ती दमदार आहे."

"पण त्याला वेगळा अर्ज..." अप्पांच्या तोंडून निघून गेलं.

"अप्पा, गप्प बसा हो," सेक्रेटरी म्हणाले, आणि स्वतः वायर ओढायला लागले. गप्प बसा हे दोन शब्द इतक्या मायेने आपल्याला कोणी म्हटल्याचं अप्पांना आठवत नव्हतं.

मग जी धांदल उडाली तिला कसलीच पद्धत नव्हती. माईंनी दोरीवरच्या चादरी ओढून आणल्या. हवामानवाले एक चादर दोन्ही हातांनी ताणून वाऱ्याच्या वाटेत उभे राहिले आणि वारा वळला तसे वळत राहिले. "आता माझा अंदाज विचारू नका, नुसतं सांगा कुठे उभा राहू," असं ते म्हणाले, आणि त्यांच्या सगळ्या कारकिर्दीतलं हे सर्वांत अचूक विधान ठरलं. धाकटीने गन धरली. पेंटर तिच्या मागे उभा राहून "हात थांबवू नका, सारखा फिरता ठेवा" असं सांगत नरसाळ्यात माल ओतत राहिला. सेक्रेटरींनी चिंधी आणि थिनर घेऊन, वाळायच्या आत, आपली गाडी आपणच पुसायला घेतली, आणि मधूनमधून येऊन "छान बसतंय, छान बसतंय" असंही म्हणून गेले.

अप्पा हौद्याच्या कडेला घड्याळ धरून ओरडत होते. "अठरा मिनिटं! चौदा! कोपरा राहिला, डावा कोपरा! नऊ मिनिटं!" शेवटची तीन उरली तेव्हा गन घट्ट झाली. माईंनी स्वयंपाकघरातून उलथनं आणलं, बादलीच्या तळाचं सगळं खरवडून काढलं आणि शेवटच्या वीतभर जागेवर थापून टाकलं. दहा-चाळीसला उलथनं जागच्या जागी चिकटलं. ते पेंटरने कसंबसं सोडवलं, पण त्याची चौकोनी, उंच कडांची खूण तिथे राहिली.

गाडीवरचे ठिपके निघाले. माणसांवरचे निघाले नाहीत. "चार दिवसांत कातडीबरोबर जातील," पेंटर म्हणाला, आणि सगळे जेवायला आपापल्या घरी गेले.

अप्पा ताटावरून लवकर उठले. लोकांचे उपकार झाले, त्यांना काहीतरी बोलायला हवं होतं. ते सेक्रेटरींच्या दारापर्यंत गेलेसुद्धा, घंटा वाजवली, आणि दार उघडल्यावर "लिफ्ट ठीक चालतेय ना?" एवढंच विचारून परत आले. हवामानवाल्यांना त्यांनी उद्याचं हवामान विचारलं. पेंटरच्या हातात त्याची धुतलेली गन देताना "एक नग, सुस्थितीत" असं म्हणाले. शेवटी ते टेबलाशी बसले, पट्टी घेतली आणि कागदावर रेघा मारायला लागले.

सोमवारी दहाला काचवाला आला. सोमवारची कामं सोडून सगळे खाली जमले होते, आणि आपण सहजच आलोय असं प्रत्येक जण दाखवत होता. काचवाल्याने हौद्यावर तळवा फिरवला, नखाने खरवडून बघितलं. मग आपल्या गाडीतून एक मोठा आरसा आणवला आणि तो हौद्यात आडवा ठेवला, तोंड वर करून. दोरी नाही, टेकू नाही.

"फाटकापर्यंत न्या आणि कचकन ब्रेक मारा."

धाकटी स्टिअरिंगवर बसली. अप्पांनी डोळे मिटले. गाडी गेली, ब्रेक किंचाळला, आणि काही फुटल्याचा आवाज आला नाही. सगळे धावले आणि हौद्याच्या कडेने वाकून बघायला लागले. आरसा तसूभर हलला नव्हता. त्याची एक कड माईंच्या उलथन्याच्या खुणेला अडून बसली होती.

अप्पांनी डोळे उघडले आणि मागोमाग जाऊन आरशात बघितलं. आत आभाळ होतं, आणि आभाळाभोवती वाकलेली डोकी गोल जमली होती. टकलावर ठिपका. नाकावर ठिपका. कानावर, गालावर, कपाळावर. स्वतःच्या हनुवटीवरही एक होता, तो त्यांना आत्ताच दिसला. हे सगळे आपल्यामुळे काळे झालेत आणि तरी आपल्या पोरीसाठी वाकून बघतायत, हे त्यांना एकदम कळलं आणि डोळे भरून आले.

"पकड उत्तम आहे," काचवाला म्हणाला. "काम तुमचं, ताई. पण हे मारलं कोणी? कारागीर कोण?"

मग पेंटरनेच अप्पांकडे बोट केलं. "अप्पांनी. सगळं यांचंच." सेक्रेटरींनी मान डोलावली. हवामानवाले म्हणाले, "यांचंच, यांचंच."

एवढा मोठा मान अप्पांना आयुष्यात मिळाला नव्हता. तो त्यांनी क्षणभर घेतला, आणि खिशातून कागद काढला.

"खोटं बोलतायत सगळे," ते म्हणाले. "मी वाचतो. पेंटर. काम: गन आणली, हात शिकवला. सेक्रेटरी. काम: लिफ्टमध्ये अडकले, तरी पंपाची लाईन दिली. हवामानवाले. काम: वारा अडवला. माई. काम: चादरी, उलथनं, आणि चार वर्षं न वाचता केलेल्या सह्या. धाकटी. काम: फवारणी, आणि मला एक शब्दही बोलली नाही ते." ते थांबले. "शेऱ्याचा रकाना सगळ्यांना एकच आहे. ऋणी. मला बोलता येत नाही हो, म्हणून लिहिलंय. मी तुमचा सगळ्यांचा ऋणी आहे."

सेक्रेटरींनी कानावरचा ठिपका उगाचच चोळला. माईंनी पदर डोळ्याला लावला आणि त्या म्हणाल्या, "हा तक्ता मात्र मी वाचून सही करणार."

"थांब आई," धाकटी म्हणाली. तिने तो कागद अप्पांच्या हातातून घेतला, गाडीच्या दारावर टेकवला आणि त्यांच्याच खिशातलं पेन काढलं. "एक नाव राहिलंय."

शेवटच्या रेघेखाली तिने आणखी एक रेघ मारली, पट्टी न घेता, वाकडी. नाव: अप्पा. काम: सगळे रडत होते तेव्हा हौदा किती फुटांचा ते विचारलं. शेऱ्याच्या रकान्यात तिने वरचाच शब्द लिहिला आणि कागद त्यांना परत दिला.

अप्पांनी तो दोनदा वाचला. रेघ वाकडी होती. ती त्यांनी तशीच राहू दिली.